एका दुय्यम संघाची चार नावे

बार्सिलोना शहरातील एका फुटबॉल संघाच्या दारावरची पाटी १९३४ ते २०२२ या अठ्ठ्याऐंशी वर्षांत सहा वेळा बदलली. पाट्या सात झाल्या आणि त्यांवरची नावे चार: एस्पान्या इंदुस्त्रियाल, कोंदाल, बार्सिलोना अ‍ॅटलेटिक आणि बार्सिलोना बी. त्यांतली शेवटची दोन आळीपाळीने येत-जात राहिली. हा संघ म्हणजे जगप्रसिद्ध बार्सिलोना क्लबचा दुसरा, म्हणजे राखीव संघ. मुख्य संघाच्या विजयांवर ग्रंथ लिहिले गेले आहेत. आम्हांला या दुसऱ्या संघाच्या पाट्यांनी अधिक गुंतवून ठेवले. पाटीवर कोणत्या भाषेत काय लिहायचे आणि ते कोणी ठरवायचे, हा प्रश्न सीमाभागातल्या माणसाला शिकवावा लागत नाही.

प्रारंभी स्पेनमधील राखीव संघांची रीत सांगितली पाहिजे, कारण पुढची सारी कथा तिच्यावर उभी आहे. इंग्लंडात राखीव संघांच्या स्पर्धा वेगळ्या भरतात. स्पेनमध्ये तसे नाही. तेथे मोठ्या क्लबचा दुसरा संघ त्याच राष्ट्रीय उतरंडीत, सामान्य क्लबांच्या बरोबरीने खेळतो; लहान गावांच्या मैदानांवर जातो, हरतो, जिंकतो, खालच्या श्रेणीत घसरतो आणि वर चढतो. बंधन एकच आणि ते कडक: मुख्य संघ ज्या श्रेणीत असेल त्या श्रेणीत दुसऱ्याला प्रवेश नाही. गुणतक्त्यात तो कितीही वर असो, थोरल्याच्या पंक्तीला त्याचे पान मांडले जात नाही. १९८३-८४ च्या हंगामात द्वितीय श्रेणीत पहिला आला रेआल माद्रिदचा राखीव संघ कास्तिया आणि दुसरा आला बिल्बाओचा राखीव संघ. दोघेही जागच्या जागी राहिले आणि त्यांच्या मागून आलेले एर्कुलेस, रासिंग सांतांदेर व एल्चे हे तीन क्लब प्रथम श्रेणीत गेले.

आता आमच्या संघाकडे वळू. बार्सिलोनाच्या सांत्स भागात 'ला एस्पान्या इंदुस्त्रियाल' नावाची कापडगिरणी होती. मुंतादास बंधूंनी १८४७ मध्ये स्थापन केलेली ही कंपनी कातालोनियाच्या सुती कापडधंद्यातील अग्रणी मानली जाई. गिरणगाव म्हटले की मुंबईच्या वाचकाच्या डोळ्यांपुढे जे उभे राहते तेच सांत्सविषयी कल्पावे: धुरांडी, पाळ्यांचे भोंगे, चाळींसारखी दाट वस्ती आणि सुट्टीच्या दिवशी खेळणारे कामगार. १९३४ मध्ये या गिरणीचा क्रीडासंघ स्थापन झाला आणि साहजिकच त्याने गिरणीचेच नाव घेतले. निळा सदरा व पांढरी चड्डी हा त्याचा पहिला वेश. बार्सिलोनाचे निळे-किरमिजी पट्टे त्याच्या अंगावर यायला अजून बराच काळ होता.

गिरणीच्या नावात 'एस्पान्या' का, असे कोणी विचारील. उत्तर धंद्याचे आहे. कातालोनियाचे कापड विकले जाई ते साऱ्या स्पेनच्या बाजारात. गिरणीला देशाचे नाव देण्यात मालकांचा हिशेब होता. मात्र पुढे काळ असा आला की, या अपघाती नावाने संघाला एका संकटातून अलगद पार नेले.

ते संकट समजण्यासाठी मुख्य क्लबची थोडी ओळख हवी. १८९९ मध्ये तो स्थापन करणारा मनुष्य स्विस होता. त्याचे नाव हान्स गाम्पर. बार्सिलोनात स्थिरावल्यावर त्याने आपले नाव कातालान वळणाने जोआन असे करून घेतले आणि आजही क्लब त्याला जोआन गाम्पर म्हणूनच ओळखतो. परका येतो, भाषा शिकतो आणि स्वखुशीने त्या भाषेतले नाव धारण करतो, असे हे दृश्य आहे. जून १९२५ मध्ये, प्रिमो दे रिवेराच्या हुकूमशाहीत, क्लबच्या मैदानावर स्पेनचे राजगीत वाजू लागताच प्रेक्षकांनी शिट्ट्या घातल्या. शिक्षा म्हणून मैदानाला टाळे लागले आणि गाम्परला अध्यक्षपद व देश दोन्ही सोडावे लागले. पुढे प्रजासत्ताक आले, १९३२ च्या स्वायत्ततेच्या कायद्याने कातालान भाषेला अधिकृत दर्जा मिळाला आणि काही वर्षे मोकळा श्वास घेता आला. मग १९३६ चे यादवी युद्ध. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये क्लबचे अध्यक्ष जोसेप सुन्योल माद्रिदजवळच्या डोंगराळ भागात फ्रांकोच्या सैनिकांच्या हाती सापडले आणि गोळ्या घालून मारले गेले.

युद्ध संपण्यापूर्वीच भाषेवर घाव पडू लागले. १९३८ च्या एप्रिलमध्ये फ्रांकोने कातालोनियाची स्वायत्तता रद्द केली. त्याच वर्षीच्या मे महिन्यात जन्मनोंदणीविषयी आदेश निघाला: स्पॅनिश मुलांची नावे कास्तिलियन भाषेतच नोंदवली जातील. जोसेपचा होसे झाला, जोआनचा हुआन झाला. १९४० च्या मे महिन्यात पाट्या, व्यापारी नावे आणि जाहिराती यांतून परकीय शब्द काढून टाकण्याचा हुकूम आला. त्याची झळ फुटबॉललाही लागली, कारण हा खेळ इंग्रज खलाशांबरोबर आणि अभियंत्यांबरोबर स्पेनच्या बंदरांत उतरला होता व क्लबांची नावे इंग्रजी धाटणीची होती. 'अ‍ॅथलेटिक बिल्बाओ'चे 'अ‍ॅटलेटिको दे बिल्बाओ' झाले. 'स्पोर्टिंग' व 'रासिंग' हे शब्द खोडले गेले. 'फुटबॉल क्लब बार्सिलोना'चे १९४१ मध्ये 'क्लुब दे फुतबोल बार्सेलोना' झाले. वरवर पाहता शब्दांची नुसती अदलाबदल. पण त्याबरोबर क्लबच्या बोधचिन्हातील कातालान ध्वजाचे चार लाल पट्टे दोनवर आणण्यात आले. हुकूम परकीय शब्दांविरुद्ध होता, असे ज्यांना म्हणायचे असेल त्यांनी त्या दोन पट्ट्यांचा खुलासा करावा. ध्वज काही इंग्रजी नव्हता. हे पट्टे क्लबच्या पन्नासाव्या वर्षी, १९४९ मध्ये, परत आले. नाव परतायला मात्र १९७३-७४ चा हंगाम उजाडावा लागला.

या साऱ्या काळात गिरणीच्या संघाला कोणी हात लावला नाही. त्याच्या नावात 'एस्पान्या' होते आणि 'इंदुस्त्रियाल' हा शब्द कास्तिलियन कानालाही परका नव्हता. थोरल्याच्या नावावर शस्त्रक्रिया झाली आणि धाकटा सुखरूप राहिला. आम्हांला यात थोडी विनोदाची छटा दिसते, तरी त्यावर फार हसू नये. ज्याचे नाव आधीच राज्यकर्त्याच्या सोयीचे असते, त्याच्याकडे राज्यकर्ता वळून पाहत नाही, एवढाच त्याचा अर्थ.

गिरणीचा संघ हळूहळू बार्सिलोनाचा पूरक संघ बनला आणि पन्नाशीच्या दशकात चांगलाच बलवान झाला. १९५३ मध्ये त्याने प्रथम श्रेणीच्या बढतीपर्यंत मजल मारली. पण थोरला भाऊ तेथे आधीच बसलेला असल्याने त्याला दार बंद झाले. तीन वर्षांनी तोच प्रसंग पुन्हा आला. या वेळी संघाने दुसरा मार्ग काढला. बार्सिलोनाशी असलेला संबंध कागदोपत्री तोडला, गिरणीचे नाव टाकले आणि 'कोंदाल' हे नवे नाव घेऊन स्वतंत्र क्लब म्हणून प्रथम श्रेणीत पाऊल ठेवले.

'कोंदाल' या शब्दाकडे भाषाप्रेमी वाचकाने क्षणभर थांबून पाहावे. त्याचा अर्थ 'काउंटांचा' किंवा 'काउंटांच्या घराण्याचा'. मध्ययुगात बार्सिलोनावर राजे नव्हे तर काउंट राज्य करीत आणि पुढे विवाहसंबंधाने आरागोनचे सिंहासन त्यांच्याकडे आले, तरी 'बार्सिलोनाचे काउंट' ही पदवी त्यांनी सोडली नाही. म्हणून स्पेनभर बार्सिलोनाला 'काउंटांचे शहर' म्हणण्याची रूढी आहे. कातालोनियाच्या जुन्या स्वराज्याची आठवण या शब्दात आहे. तरी तो कास्तिलियन भाषेतही जसाच्या तसा चालतो. फ्रांकोच्या अंमलात 'कातालान' हा शब्द पाटीवर लिहिणे जड गेले असते, 'कोंदाल' सहज खपला. हा विचार करूनच नाव ठेवले गेले, असा आमचा दावा नाही. पण दाबलेली भाषा अशा दुहेरी कुळीच्या शब्दांच्या आडोशाला उभी राहते, हे अनेक देशांत दिसले आहे.

१९५६-५७ या एका हंगामात शहराच्या थोरल्या व धाकट्या भावांनी एकाच श्रेणीत एकमेकांविरुद्ध सामने खेळले. हंगामाच्या शेवटी कोंदाल सोळा संघांत सोळावा आला आणि खाली गेला. पुन्हा वर आला नाही. स्वातंत्र्य घेतले ते थोरल्याच्या आधाराविना पेलवले नाही, असे कोणी म्हणेल. आम्ही म्हणू की, ज्या संघाची उत्तम मुले थोरला आधीच उचलून नेतो, त्याच्याकडून याहून अधिक अपेक्षाच चूक होती.

साठीच्या दशकाच्या अखेरीस हवा पालटू लागली. १९६८ च्या जानेवारीत क्लबचे नवे अध्यक्ष नार्सिस दे कारेरास यांनी पदग्रहणाच्या भाषणात 'हा क्लबहून अधिक काहीतरी आहे' असा उल्लेख केला. त्याचा अर्थ ऐकणाऱ्यांना सांगावा लागला नाही. त्याच वर्षी कोंदाल पुन्हा बार्सिलोनाच्या कुटुंबात आला. १९७० मध्ये अध्यक्ष आगुस्ती मोंताल यांनी कोंदाल आणि 'अ‍ॅटलेटिक कातालुन्या' हा आणखी एक लहान क्लब यांचे विलीनीकरण केले. त्यातून जो संघ निघाला तो बार्सिलोना अ‍ॅटलेटिक. १९७४ मध्ये हा संघ द्वितीय श्रेणीत पोहोचला आणि त्याच वर्षी क्लबने आपल्या पंच्याहत्तरीनिमित्त नवे गीत कातालानमधून करून घेतले. फ्रांको अजून जिवंत होता.

त्याच १९७४ मधली एक गोष्ट येथे सविस्तर सांगितल्यावाचून राहवत नाही. आदल्या वर्षी डच खेळाडू योहान क्रायफ बार्सिलोनाकडे आला होता. ९ फेब्रुवारी १९७४ रोजी अ‍ॅम्स्टरडॅममध्ये त्याला मुलगा झाला. आई-बापांना एक कातालान नाव आवडले होते: जोर्दी. सेंट जॉर्ज, म्हणजे सांत जोर्दी, हा कातालोनियाचा संरक्षक संत. २३ एप्रिलला त्याच्या नावाने पुस्तके आणि गुलाब देण्याची तेथे प्रथा आहे. अ‍ॅम्स्टरडॅमच्या नोंदणी कार्यालयाने 'जोर्दी' लिहून घेतले, त्यांना त्यात काहीच वावगे वाटले नाही. पुढे बापाने बार्सिलोनात मुलाची नोंद करायला घेतली, तेव्हा अधिकाऱ्याने सांगितले की असे नाव लिहिता येणार नाही, 'होर्खे' लिहावे लागेल. म्हणजे कातालोनियाच्या राजधानीत कातालोनियाच्या संताचे नाव बेकायदा. क्रायफने डच कागद पुढे ठेवले आणि हटला नाही. मुलाच्या जन्मानंतर आठच दिवसांनी त्याच क्रायफच्या संघाने माद्रिदमध्ये जाऊन रेआल माद्रिदला पाच-शून्य असे हरवलेले होते. अशा माणसाला रिकाम्या हाती परत पाठवणे कोणत्याही कारकुनाला अवघड गेले असते. नोंद 'जोर्दी' अशीच झाली.

या गोष्टीचा सर्वत्र गौरव होतो आणि तो योग्यच आहे. तरी आमचे मन कारकुनाच्या टेबलापुढच्या रांगेतल्या इतर बापांकडे जाते. त्यांच्याकडे डच पारपत्र नव्हते आणि सोनेरी पायही नव्हते. त्यांच्या मुलांची नावे घरात जोर्दी, जोसेप, मोन्सेरात अशी हाकारली गेली आणि शाळेच्या पटावर, लष्कराच्या यादीत, थडग्याच्या दगडावर दुसरीच उमटली. ती दुरुस्त करण्याची वाट १९७७ च्या कायद्याने खुली झाली. इंदूर-ग्वाल्हेरच्या वाचकांना 'काळे' यांचे सरकारी कागदात 'काले' कसे होते, हे सांगायला नको. तेथे कोणी हुकूम काढलेला नाही, केवळ लिहिणाऱ्याच्या हाताला 'ळ' ची सवय नाही. हुकूम आणि हयगय यांत फरक आहे; नाव मात्र दोन्हींत बदलते.

जोर्दी क्रायफ मोठा होऊन बार्सिलोनाच्या याच दुसऱ्या संघात खेळला, नव्वदीच्या दशकाच्या आरंभी. पुढे मुख्य संघात आणि मँचेस्टर युनायटेडमध्ये गेला, तेव्हा पाठीवर त्याने आडनावाऐवजी 'जोर्दी' हेच नाव वागवले. पण तो दुसऱ्या संघात खेळत होता, त्या वर्षांत संघाच्याच पाटीवरचे नाव गेलेले होते. ते कसे, ते सांगतो.

फ्रांकोनंतर १९७८ ची राज्यघटना आली. तिच्या तिसऱ्या कलमाने कास्तिलियन ही साऱ्या राष्ट्राची अधिकृत भाषा ठरवली आणि इतर भाषांना त्यांच्या-त्यांच्या स्वायत्त प्रदेशांत अधिकृत दर्जा देण्याची तरतूद केली. १९८३ मध्ये कातालोनियाने भाषेच्या सार्वत्रिक वापराचा कायदा केला. मात्र फुटबॉलच्या बाबतीत लोकांनी कायद्याची वाट पाहिली नाही. १९७६ च्या सप्टेंबरपासून जोआकिम मारिया पुयाल यांनी बार्सिलोनाच्या सामन्यांचे आकाशवाणीवरून कातालानमध्ये धावते वर्णन सुरू केले होते. चाळीस वर्षे ज्या भाषेतून खेळाची बातमी नाही, तिच्यात खेळाचे शब्द कोठून आणायचे? 'ऑफसाइड'ला काय म्हणायचे, कोपऱ्यातल्या फटक्याला काय, चेंडूला कास्तिलियन 'बालोन' म्हणायचे की कातालान 'पिलोता'? प्रश्न शब्दकोशात सुटत नव्हते, ते सामना चालू असताना, एका श्वासात सोडवावे लागत. आपल्याकडे बाळ ज. पंडित यांनी क्रिकेटचे वर्णन मराठीतून केले, त्याची आठवण जुन्या श्रोत्यांना येथे होईल. भाषा टिकवायची तर कवितेइतकीच ती चेंडूच्या मागे धावू शकली पाहिजे, हे पुयाल यांनी आणि पंडितांनी आपापल्या ठिकाणी दाखवले.

उच्चाराची एक गंमत जाता जाता नोंदवतो. शहराच्या नावातील मधल्या अक्षराचा उच्चार माद्रिदचा माणूस 'थ' च्या जवळ नेतो, कातालान माणूस 'स' करतो. मराठी वृत्तपत्रे 'बार्सिलोना' किंवा 'बार्सेलोना' लिहितात, ती रूपे आली इंग्रजीच्या वाटेने; पण 'स' च्या बाबतीत आपण नकळत कातालानांच्या बाजूला बसलो आहोत. क्लबचे लाडके नाव 'बार्सा' हेही शेपूट असलेल्या एका 'सी' ने लिहितात. हे अक्षर कास्तिलियनने अठराव्या शतकात टाकून दिले, कातालानने ठेवले.

आता १९९१. क्रीडाविषयक नवी व्यवस्था अमलात आली आणि तिच्यानुसार राखीव संघांना वेगळे नाव ठेवण्याची मुभा राहिली नाही. मुख्य क्लबचे नाव आणि त्यापुढे 'बी', एवढेच. बार्सिलोना अ‍ॅटलेटिकचा 'बार्सिलोना बी' झाला. हा फटका एकट्या कातालानांना नव्हता, हे न्यायाने सांगितले पाहिजे. माद्रिदच्या कास्तियालाही 'रेआल माद्रिद बी' व्हावे लागले आणि त्या संघाचा इतिहास काही कमी नव्हता: १९८० मध्ये कास्तिया राजचषकाच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला होता, तेथे आपल्याच थोरल्या संघाकडून सहा-एक असा हरला आणि तरीही त्या जोरावर पुढल्या मोसमात युरोपीय चषकविजेत्यांच्या स्पर्धेत लंडनच्या वेस्ट हॅमविरुद्ध खेळला. ज्या प्रदेशाने आपल्या बोलीला 'कास्तेयानो' हे नाव दिले आणि ती साऱ्या देशाची भाषा झाली, त्या प्रदेशाचे नाव धारण करणारा संघही एका अक्षराखाली गाडला गेला. 'बी' ला भाषा नसते. कोणाचा रोष होऊ नये म्हणून शासन जेव्हा पाटीवरून सगळ्यांचेच शब्द काढून क्रमांक आणि अक्षरे लावते, तेव्हा ती समता असते की रिकामपण, याविषयी आमचे मत रिकामपणाकडे झुकते.

पुढे नियम सैल झाले. कास्तिया हे नाव २००५ च्या सुमारास परतले. बार्सिलोनाच्या संघाचे पुढचे वळण मात्र माद्रिदच्या माथी मारता येत नाही. २००८ मध्ये अध्यक्ष जोआन लापोर्ता यांच्या काळात 'अ‍ॅटलेटिक' पुन्हा आले. २०१० मध्ये सांद्रो रोसेल अध्यक्ष झाले आणि 'बी' परतला. लापोर्ता पुन्हा निवडून आल्यावर २०२२ मध्ये पुन्हा 'अ‍ॅटलेटिक'. दोघेही कातालान, दोघेही क्लबच्या सभासदांनी निवडलेले. नाव हुकूमशहाने पळवले तर त्याविरुद्ध लढता येते. आपलीच माणसे गटातटाच्या हिशेबात ते उचलून ठेवतात आणि काढून घेतात, तेव्हा बोट कोणाकडे दाखवायचे? सीमाभागातील चळवळीत ज्यांनी आयुष्य घातले, त्यांना या वाक्याची बोच अधिक फोड न करता कळेल.

खेळाच्या दृष्टीने या संघाची उत्तम वर्षे नेमकी याच गोंधळाच्या सुमारास आली. २००७ मध्ये संघ चौथ्या स्तरावर घसरला होता. तेव्हा त्याची सूत्रे सांतपेदोर गावच्या पेप, म्हणजे जोसेप, ग्वार्दिओला यांच्याकडे आली. मुख्य संघाच्या मार्गदर्शनाचा त्यांना अनुभव नव्हता. त्या स्तरावरचा गट कातालोनियापुरता असल्याने वर्षभर हा संघ आपल्याच प्रदेशातल्या लहान गावांत खेळत फिरला. वर्षाच्या शेवटी गट जिंकून वर चढला. त्या संघातले सेर्जिओ बुस्केत्स आणि पेद्रो हे दोन तरुण पुढल्याच वर्षी, मे २००९ मध्ये, रोममधल्या युरोपीय अंतिम सामन्यात मुख्य संघाकडून मैदानात होते आणि मार्गदर्शक तेच ग्वार्दिओला. २०१०-११ मध्ये लुइस एन्रिके यांच्या हाताखाली दुसरा संघ द्वितीय श्रेणीत तिसरा आला. बढतीच्या सामन्यांत त्याला अर्थातच जागा नव्हती. २५ नोव्हेंबर २०१२ रोजी लेवांतेविरुद्ध खेळताना एक खेळाडू जखमी झाला, बदली आला आणि मग मैदानावरचे बार्सिलोनाचे अकराच्या अकरा खेळाडू क्लबच्या स्वतःच्या शाळेत, ला मासियात, घडलेले होते. ज्याला आयुष्यभर थोरल्याच्या पंक्तीला बसू दिले नाही, त्यानेच ती सारी पंक्ती वाढली होती.

गोव्याच्या वाचकांसाठी एक धागा. एफसी गोवाचा दीर्घकाळचा मध्यरक्षक आणि कर्णधार एदू बेदिया हा स्पेनच्या उत्तर किनाऱ्यावरचा. गोव्यात येण्याच्या काही वर्षे आधी तो याच बार्सिलोना बी संघातून खेळला होता. त्याचे तेव्हाचे मार्गदर्शक सेर्जिओ लोबेरा हेही बार्सिलोनाच्याच शाळेतले. फातोर्ड्याच्या मैदानावर चेंडू पायात ठेवण्याची जी शैली त्या वर्षांत दिसली, तिची मुळे कोठे होती, हे यावरून ध्यानात येईल.

कातालान भाषेचा मुलूख कातालोनियाच्या सीमेवर संपत नाही. वालेन्सियात ती 'वालेन्सियान' नावाने बोलली जाते, बेलिआरिक बेटांवर आहे, आंदोरात आहे, १६५९ च्या पिरेनीज तहाने फ्रान्सकडे गेलेल्या रूसिलोनमध्ये क्षीण का होईना आहे, सार्डिनियाच्या अल्गेरो गावातही आहे. आरागोन प्रांताच्या पूर्व कडेला एक अरुंद पट्टा आहे; त्याला नुसते 'पट्टी' असेच म्हणतात. तेथली गावे कातालान बोलतात आणि राज्य आरागोनचे. २०१३ मध्ये आरागोनच्या विधिमंडळाने कायदा करून त्या भाषेला 'पूर्व भागाची आरागोनी भाषा' असे लांबलचक नाव दिले; 'कातालान' हा शब्द टाळणे एवढाच त्याचा हेतू होता. लोकांनी त्या नावाच्या आद्याक्षरांची टिंगल केली आणि काही वर्षांत ते मागे घ्यावे लागले. १ नोव्हेंबर २०१४ रोजी आमच्या शहराची सरकारी पाटी बदलली, तेव्हा आम्हांला ही ताजी हकीकत ठाऊक नव्हती. ठाऊक असती तर निदान एका सभेत सांगता आली असती. अर्थात कानडी ही काही कास्तिलियन नव्हे आणि येथे फ्रांकोही नाही; तुलना ओढूनताणून करण्यात अर्थ नाही. बेळगावला घरात बेळगाव म्हणणाऱ्यांवर कोणी खटले भरलेले नाहीत. कागद, फलक आणि शाळेचा पट एवढ्यांचाच वाद आहे, आणि तो आम्ही लहान मानत नाही.

दुसऱ्या संघाचे मैदानही पाटीसारखेच फिरते राहिले. १९८२ मध्ये मोठ्या मैदानाशेजारी बांधलेले 'मिनी एस्तादी' आता पाडले गेले आहे. २०१९ पासून संघ शहराबाहेर सांत जोआन देस्पी येथे खेळतो. मैदानाला नाव दिले आहे योहान क्रायफचे. जुनी कापडगिरणी केव्हाच बंद पडली. सांत्स रेल्वे स्थानकाला लागून तिच्या जागी १९८५ मध्ये बाग झाली. बागेत तलाव आहे, मुलांना खेळायला जागा आहे आणि बागेचे नाव आहे 'पार्क दे ल'एस्पान्या इंदुस्त्रियाल'. संघाने १९५६ मध्ये टाकलेले पहिले नाव तेथे अजून पाटीवर आहे, कातालान व्याकरणात.